खेळ थांबवण्याच्या चार पायऱ्या

१

मथुराचा पगार यंत्रं थांबवण्यावर चालायचा. इलेक्ट्रॉनिक सिटीतल्या एका कंपनीसाठी ती घरून माहितीपुस्तिका लिहायची. सलाइन थेंबाथेंबाने सोडणारा पंप कसा सुरू करावा, कसा थांबवावा, थांबवण्याआधी रुग्णाकडे का बघावं, असलं सगळं. एका पायरीत एकच कृती, आणि ती केल्यावर काय दिसेल ते लगेच पुढच्या वाक्यात. वाचणारी नर्स कितीही पेंगुळलेली असो, तिची चूक होता कामा नये. एवढी हुशारी असून सात वर्षांच्या स्वतःच्या मुलीला व्हिडिओगेम थांबवायला लावणं मात्र तिला जमत नव्हतं.

हर्षिता पावणेचारला शाळेतून यायची. बूट दारात, मोजे सोफ्याखाली, आणि चारच्या ठोक्याला कन्सोल सुरू. गेम निरागस होता. एक पिवळी मांजर गळ्यात टपालाची पिशवी अडकवून छपरांवरून उड्या मारते आणि घरोघरी पत्रं टाकते. हाक मारली की एकच उत्तर, "आई, एकच मिनिट!"

"पॉज कर म्हटलं ना, हर्षू?"

"पॉज केला की तू येऊन बंदच करतेस. मग माझी सगळी पत्रं जातात."

आरोप खोटा नव्हता. एकदा मथुराने वैतागून थेट मशीनचंच बटण दाबलं होतं. शेवटी एका रविवारी दोघी जेवणाच्या टेबलावर बसल्या, तह झाला आणि मथुराने तो आपल्या पद्धतीने लिहून काढला.

एक. घरातलं मोठं माणूस हॉलमध्ये आलं की खेळ थांबवायचा.

दोन. कंट्रोलरवरचं उजवीकडचं छोटं बटण एकदाच दाबायचं.

तीन. पडदा अंधुक झाला आणि कुणी थांबवला ते लिहून आलं, म्हणजे खेळ थांबला.

चार. ज्याने थांबवला त्यानेच परत सुरू करायचा. तोवर कुणी कशाला हात लावायचा नाही.

'घरातलं' हा शब्द हर्षिताने घालायला लावला. "भाग्यलक्ष्मी अक्का दर पाच मिनिटांनी फरशी पुसायला येते. तिच्यासाठी मी नाही थांबवणार." चौथी पायरीही तिचीच अट. दोघींनी सह्या केल्या आणि कागद टीव्हीशेजारी भिंतीवर चिकटला. पुस्तिका लिहिताना पहिल्या ओळीआधी विचारायचा असतो तो प्रश्न, की हे नेमकं कुणासाठी लिहितोय, तो मथुराला त्या दिवशी सुचला नाही. घरात गेम खेळणारी एकच तर होती.

२

अकरा दिवस कागदाने चोख काम केलं. मथुराने हॉलमध्ये पाऊल टाकायचा अवकाश, पडदा अंधुक. तिने कागदाचा फोटो नवऱ्याला पाठवला. "फ्रेम करून तुझ्या मॅनेजरला दे," असं रणजीतचं ऑफिसातून उत्तर आलं.

बाराव्या दिवशी ती दुधाचा पेला घेऊन आत गेली. पडदा अंधुकच होता. पिवळी मांजर एका धुराड्यावर पंजा उचलून थबकलेली. तिच्या शेजारी कौलांवर एक करडी मांजर बसलेली होती, ती याआधी दिसल्याचं मथुराला आठवेना. लोक पडद्यावरचा मजकूर वाचत नाहीत, यावरच तिचा धंदा चालत असल्यामुळे तिला स्वतःला तो वाचायची सवय होती. मधोमध इंग्रजीत लिहिलं होतं, प्लेअर टूने खेळ थांबवला आहे.

"हर्षू, तू दोन नंबर कशी झालीस?"

"मी एक नंबरच आहे."

"मग इथे टू कसं?"

"मी नाही थांबवला म्हणून."

कंट्रोलर हर्षिताच्या मांडीवर पडलेला होता. घरात तेवढा एकच होता. कन्सोल घेताना आपणच अडीच तास दुकानात उभं राहून दुसरा घ्यायला नकार दिला होता, हे मथुराला पक्कं आठवत होतं.

दूध संपेपर्यंत ती तिथेच उभी राहिली. मग काहीतरी सुचून तिने रणजीतला पाठवलेला फोटो मोबाइलवर उघडला. कागद सरळ होता, अक्षर छान आलं होतं. डाव्या कोपऱ्यात टीव्हीची कड आली होती आणि कडेला अंधुक पडद्यावरचा एकच आकडा. तिने दोन बोटांनी तो मोठा करून पाहिला.

दोन.

फोटो तिसऱ्या दिवशी काढलेला होता.

३

"बग आहे गं," रणजीत जेवताना म्हणाला. त्याचं घराणं शेकडो वर्षं बंगळुरात, त्यामुळे त्याच्या मराठीत अध्येमध्ये कन्नड ठाण मांडून असे. "अपडेट आला असणार. थांब स्वल्प, दाखवतो." त्याने कंट्रोलर घेतला, मांजरीला दोन उड्या मारायला लावल्या आणि बटण दाबलं. "हे बघ. प्लेअर वन. सरी? बरोबर ना?"

"करडी मांजर कुठे गेली?"

"कुठली करडी?" त्याने तिच्याकडे जरा निरखून पाहिलं. "मथुरा, तू दुपारी अर्धा तास पडत जा बघू."

म्हणण्यात तथ्य होतं. गेल्या वर्षी हर्षिता घोरते म्हणून तिने तीन डॉक्टर पालथे घातले होते आणि तिघांनीही आईला कमी काळजी करण्याचा सल्ला दिला होता. स्वतःवर विश्वास ठेवावा असा तिचा पूर्वेतिहासच नव्हता.

तरी दुसऱ्या दिवशी तिने पुस्तकांच्या फळीवर मोबाइल टेकवला, व्हिडिओ सुरू केला आणि स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिली. हॉलमधून गेमचं संगीत येत होतं, बासरीसारखं काहीतरी. तिने उंबरपट्टीपलीकडे पाऊल टाकलं. संगीत बंद. पाऊल मागे घेतलं. दोन श्वासांनी बासरी पुन्हा सुरू. पाऊल पुढे, बंद. मागे, सुरू. सात वेळा. आठव्यांदा तिला स्वतःचीच लाज वाटली. बेळ्ळंदूरच्या सातव्या मजल्यावर, दोन-दोन पदव्या घेतलेली बाई दारात लंगडी घालत होती.

संध्याकाळी तिने व्हिडिओ पाहिला. त्यात कुणी नव्हतं. हर्षिता एकटीच खेळत होती, हसत होती. फक्त एवढा लांब सोफा असून ती अगदी कडेला बसली होती. मधूनच ती मान तिरकी करायची, शेजारचा काही पुटपुटला की आपण करतो तशी. आणि संगीत ज्या ज्या क्षणी तुटलं, त्या त्या क्षणी तिचे दोन्ही अंगठे बटणांपासून लांब, हवेत होते.

४

"हर्षू, तुझ्याबरोबर कोण खेळतं?"

मुलगी चित्राला रंग देत होती. "तुला माहीत आहे ना."

"मला नाही माहीत."

"मग ते तू कुणासाठी लिहिलंस?" तिने भिंतीकडे बोट दाखवलं. "तिला सगळं येतं त्यातलं. माझ्यापेक्षा छान येतं."

मथुरा हसली. मुलांना असे सोबती असतात, मासिकांत लेख येतात, घाबरू नये असं त्यात लिहिलेलं असतं. शिवाय मुलगी लबाड होती. दूध आणि गृहपाठ टाळायला तिने एक अदृश्य भिडू तयार केला असेल, तर आईने खरं तर कौतुकच करायला हवं.

पण त्याच आठवड्यात दुसरी गोष्ट सुरू झाली. खेळ थांबला की हर्षिताही थांबायला लागली. आधी मिनिटभर. मथुरा पेला पुढे धरायची आणि मुलगी पडद्याकडे बघत बसून राहायची, हात अर्धवट उचललेला.

"हर्षू, घे."

उत्तर नाही. मग एकदम, जणू काही झालंच नाही अशी, "दे ना, आई."

"मी केव्हाची हाक मारतेय!"

"तिने सुरूच नाही केलं. तोवर कुणी कशाला हात लावायचा नाही. तूच लिहिलंयस."

मंगळवारी हे दोन मिनिटं चाललं. बुधवारी नऊ. शुक्रवारी मथुरा तिच्यासमोर गुडघ्यांवर बसली होती, तिचे खांदे धरून हलवत होती. खांदे हलत होते, पण कपडे वाळत घातलेल्या दोरीसारखे, आपण हलवू तेवढेच. डोळे उघडे होते. पापण्या मिटत नव्हत्या. मथुराने घड्याळ पाहिलं, कारण डॉक्टर पहिल्यांदा तेच विचारणार हे तिला ठाऊक होतं. अठरा मिनिटं. मग ती मोबाइल आणायला आत धावली आणि मागून आवाज आला, "आई, दूध गार झालं."

५

डॉक्टरांनी डोक्याला तारा लावून आलेख काढला. आलेख स्वच्छ होता. झटके नाहीत, काही नाही. "टीव्ही बंद करा," त्यांनी सांगितलं, आणि मग मथुराकडे वळून, "तुम्ही नीट झोपता ना?"

तिने कन्सोल तारांसकट गुंडाळून माळ्यावर टाकला.

त्याच दिवशी भाग्यलक्ष्मी लादी पुसून झाल्यावर स्वयंपाकघराच्या दारात रेंगाळली. तीन वर्षं ती दुपारी कामाला यायची. "अक्का," ती तिच्या मोडक्या मराठीत म्हणाली, "मी उद्यापासून सकाळी येते. सरी ना?"

"सकाळी तुला चार घरं आहेत."

"एक सोडते."

"का गं? हर्षू त्रास देते का?"

"पापू सोन्यासारखी आहे." ती बादलीच्या कडीशी चाळा करत राहिली. "अक्का, ती दुसरी, तिला आपल्या घरी जायला सांगा. रोज रोज बरं नाही."

"दुसरी कोण? काय बघितलंस तू?"

भाग्यलक्ष्मीने तिच्याकडे असं पाहिलं, जणू बाई आपली परीक्षा घेतेय. मग बादली उचलली आणि लिफ्टची वाट न बघता जिन्याने उतरून गेली.

मथुरा ओट्याला टेकून उभी राहिली. तीन आठवडे ती पाऊल टाकेल तिथे खेळ थांबत होता. भाग्यलक्ष्मी मात्र हॉलमधून रोज फडकं फिरवत गेली होती आणि तिच्यासाठी कुणी काही थांबवलं नव्हतं. थांबवायची गरजच नव्हती. ती घरातलं माणूस नव्हती.

कुणीतरी पहिली पायरी अक्षरशः पाळत होतं. मथुराला आयुष्यात पहिल्यांदाच असा वाचक मिळाला होता.

६

माळ्यावर टाकल्याने उपयोग झाला नाही, उलट जास्तच झालं. दुसऱ्या दिवशी साडेचारला ती हॉलमध्ये शिरली. टीव्ही काळा होता. हर्षिता जमिनीवर बसून शुद्धलेखन लिहीत होती आणि तिची पेन्सिल एका अक्षराच्या मध्यावर उभी होती. मथुरा दारात आली त्या क्षणापासून उभी होती.

तिने भिंतीवरचा कागद फाडला, बारीक तुकडे केले. पेन्सिल हलली नाही. वाचून पाठ झालेला कागद फाडून काय होतं?

मग तिने तेच केलं जे तिला करता येत होतं. माळ्यावरून कन्सोल काढला, जोडून सुरू केला, आणि धावत जाऊन चौथ्या मजल्यावरच्या हेमलताकडून त्यांचा जादा कंट्रोलर मागून आणला. प्रत्येक दोषाचं एक कारण असतं आणि प्रत्येक कारणावर एक पायरी. प्लेअर टूने थांबवलंय ना? ठीक. आपण प्लेअर टू व्हायचं आणि सुरू करायचं.

ती वर आली तेव्हा हर्षिताने पान लिहून संपवलं होतं आणि ती दुसऱ्या पानावर होती. मथुरा आत आली आणि दुसरं पानही अर्ध्यावर राहिलं. टीव्हीवर पिवळी मांजर, करडी मांजर आणि तीच ओळ. तिने सोफ्यावर बसून नव्या कंट्रोलरचं मधलं बटण दाबून धरलं. या कंट्रोलरवर खाली बारीक पांढरे दिवे असतात. पहिल्या खेळाडूला एक, दुसऱ्याला दोन, असे ते पेटतात. तिने त्यावर पूर्वी एका दुसऱ्या कंपनीसाठी पाच ओळी लिहूनही दिल्या होत्या.

दिवे लुकलुकले आणि स्थिरावले. तिने मोजले. पुन्हा मोजले.

तीन होते.

दोन नंबरची जागा रिकामी नव्हती. पडद्यावर कौलांच्या टोकाला एक तिसरी, पांढरी मांजर आली होती आणि तिला काहीही करता येत नव्हतं. मथुराने छोटं बटण दाबलं, सगळी बटणं दाबली. करड्या मांजरीचं तोंड आधी कुठल्या बाजूला होतं ते तिला आठवेना. आता ते पांढरीकडे होतं.

तिने कंट्रोलर हळूच सोफ्यावर ठेवला. त्या लांब सोफ्यावर आपण नेमक्या कुणाच्या शेजारी बसलो आहोत, हा विचार तिच्या मनात आला आणि ती उठली. पाठमोरी, भिंत चाचपत, एकदाही वळून न बघता ती स्वयंपाकघरात गेली. दोन श्वास. मागे पेन्सिल खरखरायला लागली.

७

रणजीतला तिने सगळं सांगितलं. तो हसला नाही, हे त्याचं चांगलं. त्याचा विश्वास बसला नाही, हेही तिला दिसलं. पण हर्षिताच्या डोळ्यांखाली वर्तुळं होती आणि तिच्या आईच्या त्याहून मोठी. शनिवारी बसवनगुडीला सासूबाईंकडे जायचं, महिनाभर तिथेच राहायचं असं ठरलं. "शाळेचं बघू," तो म्हणाला. "आईच्या हातचं खाऊन दोघी सुधाराल."

दुसऱ्या दिवशी बुधवार होता. म्हणजे तीन दुपारी काढायच्या होत्या.

त्या कशा काढायच्या ते मथुराला आता येत होतं. चार वाजले की ती स्वयंपाकघरात जायची आणि हॉलकडे पाठ करून उभी राहायची. कणीक मळायची, भाज्या चिरायची, उद्याची, परवाची. खिडकीतून रिंगरोड दिसायचा, मुंगीच्या चालीने सरकणारा. मागे बासरी वाजायची, हर्षिता खिदळायची, सोफ्याच्या स्प्रिंगा कुरकुरायच्या. रिकामी प्लेट ठेवल्याचा आवाज यायचा. कधी धावण्याचा. पावलं मोजायची नाहीत, असं तिने स्वतःला बजावलं होतं. आपण बघितलं नाही तर मुलगी हसते आणि बघितलं तर दगड होते, एवढं साधं होतं ते. कुठल्याही आईने हेच केलं असतं. केलं असतं ना? मग तिला रोज आपण मुलीला कुणाच्या तरी हवाली करून भिंतीकडे तोंड केलंय असं का वाटावं?

बुधवार गेला. गुरुवार गेला.

८

शुक्रवारी पाच वाजता बाहेरच्या दारात किल्ली फिरली.

रणजीत कधी आठाच्या आत येत नसे. मथुराचे हात कणकेत होते. ओरडावं असं तिला वाटलं, "आत येऊ नको," पण तोवर दार उघडलं होतं आणि त्याचा आवाज आला होता, खुशीत, उशिरा येणारा माणूस लवकर आल्यावर असतो तशा खुशीत.

"मथुरा! म्हटलं बॅगा भरायला मदत करावी. रस्ता काय मोकळा होता म्हणतेस! अरे वा, आज मैत्रीण आली वाटतं हर्षूची? काय गं, तुझं नाव..."

बासरी तुटली.

मथुरा तशीच उभी राहिली. नळ थेंब थेंब गळत होता. खाली कुठल्यातरी गाडीचा रिव्हर्सचा आवाज येत होता. हॉलमधून काहीच येत नव्हतं. बूट काढल्याचा आवाज नाही, बॅग ठेवल्याचा नाही, वाक्याचा उरलेला भागही नाही.

"रणजीत?"

दोन श्वास. चार. दहा. तिने मागे पाहिलेलं नव्हतं, पण तो तिथे होता आणि तो घरातलं मोठं माणूस होता, आणि ती दुसरी, जी मथुराला कधीच दिसली नव्हती, त्याला दिसली होती, म्हणून आता तो स्वतःच्या पायांनी बाहेर जाऊ शकत नव्हता. म्हणजे हे सुरू होणार नव्हतं. आज नाही, कधीच नाही, कुणीतरी जाऊन त्याला ओढून दाराबाहेर काढेपर्यंत. आणि घरात कुणीतरी म्हणजे तीच होती.

डोळे मिटून जायचं, तिने ठरवलं. भिंत धरून, दारापर्यंत सोळा पावलं. त्याची कॉलर पकडायची, बाहेर ओढायचं, दोन श्वास थांबायचं आणि मग हर्षूला हाक मारायची. पायऱ्या सोप्या होत्या. तिने कणकेचे हात पदराला पुसले, डोळे मिटले आणि उंबरपट्टी ओलांडली.

तीन पावलांवर तिला आवाज ऐकू आला. इतका बारीक, की आधी तो आपल्याच कपड्यांचा वाटला. गालिच्यावरून काहीतरी सावकाश सरकत होतं. ते सोफ्याकडून दाराकडे गेलं. जरा थांबलं. परत सोफ्याकडे गेलं. कसलीही घाई नसलेला, आपल्याच घरात वस्तू जागेवर आहेत ना ते पाहणारा आवाज.

मुलीपाशी येऊन तो आवाज थांबला, तेव्हा मथुराने डोळे उघडले.

रणजीत दारात होता, एक बूट हातात, तोंड अर्धवट उघडं, चेहऱ्यावर पाहुण्याशी बोलतानाचं हसू. हर्षिता सोफ्याच्या कडेला होती, मान तिरकी. तिच्या केसांतली क्लिप हवेत निघालेली होती, पडता पडता राहिलेली. सगळं अगदी स्थिर होतं. आणि हर्षिताच्या मागून, सोफ्याच्या पाठीवरून, शाळेतल्या मुलीचा असावा एवढा एक हात आला आणि तिची एक बट हळुवार कानामागे सारून गेला.

इतके दिवस मथुराने थांबलेल्यांकडेच पाहिलं होतं. ज्याने थांबवलं त्याला थांबावं लागत नाही, हे तिच्या लक्षातच आलं नव्हतं.

त्या हातामागचं डोकं वर यायला लागलं. आधी भांग दिसला, नीट पाडलेला. मथुराने पाठ फिरवायची ठरवली. स्वयंपाकघरात जायचं, भिंतीकडे तोंड करायचं, मग सगळं सुरू होईल, हर्षू हसेल.

तिने मान वळवली.

मान वळली नाही.